सोलो लपवून का वाजवलास?

वाचकाचं पत्र (जरा कापून छापतोय, बँडचं नाव मुद्दाम गाळलंय):

काका, सा. न.

मी बेळगावातल्या वडगावचा, वय २४. आम्ही चौघं चार वर्षं पंक वाजवतो, म्हणजे छोटं, वेगवान, आरडाओरड्याचं रॉक. मामाची मागाची शेड बंद पडलीय, तिथं प्रॅक्टिस. दोन मिनिटांच्या वर आमचं गाणं कधी गेलं नाही. शब्द मराठी, मधल्या आरोळ्या कानडी, कारण ड्रमर घरी कानडी बोलतो आणि त्याच्या आरोळीला जो जोर आहे तो आम्हां कुणाला येत नाही. आता पहिला अल्बम करतोय, नऊ गाण्यांचा.

पप्पांचा जुन्या कॅसेटींचा खोका माळ्यावर होता. डीप पर्पल, लेड झेपेलिन, पिंक फ्लॉइड. गेल्या पावसाळ्यात सगळा ऐकून काढला आणि तेव्हापासून हातातून वेगळंच येऊ लागलं. एक गाणं चार मिनिटांचं झालं, एक पाच. ड्रमर कुरकुरला, पण वाजवलं त्यानं. मग मी एकटाच चोर्ला घाटातनं गोव्याला स्टुडिओत गेलो आणि त्या पाच मिनिटांच्या गाण्यात अडीच मिनिटांचा माझ्या एकट्याच्या गिटारचा सोलो आणि मागं ऑर्गन भरून आलो. त्याला सांगितलं नव्हतं. शेडात सगळ्यांना ऐकवलं. तो म्हणाला, "आजोबांचा बँड झालो बे आपण," आणि काठ्या पिशवीत घालून गेला. तीन आठवडे झाले, फोन उचलत नाही. गायक म्हणतो, तुमचं तुम्ही बघा. बेसवाला माझ्या बाजूनं आहे, पण तो सगळ्यांच्याच बाजूनं असतो.

पप्पांना ऐकवलं, तर म्हणाले, "आत्ता कुठं म्युझिक करूलालास!" चार वर्षांत पहिल्यांदा. आनंद व्हायला पाहिजे होता. झाला नाही.

पंक बँडनं पप्पांच्या कॅसेटींतलं क्लासिक रॉक घेतलं तर ती गद्दारी होते का? आणि ड्रमरला कसं पटवू?

— एक गिटारवाला

चि. गिटारवाल्यास,

पत्र दोनदा वाचलं. प्रश्न शेवटी विचारलायस, पण भांडणाचं मूळ मध्येच एका ओळीत टाकून पुढं पळालास. "त्याला सांगितलं नव्हतं." गद्दारीबद्दल मी पुढं भरपूर बोलणार आहे, तो माझ्या आवडीचा विषय आहे. त्याआधी थोडं गणित. पाच मिनिटांचं गाणं, त्यात अडीच मिनिटांची भर, झाले साडेसात. मग त्या अडीच मिनिटांत ड्रम कोण वाजवतोय? तुझा ड्रमर तर गोव्याला नव्हता.

माझा अंदाज असा: स्टुडिओतल्या पोरानं तुझ्या ड्रमरच्या जुन्या टेकमधला, म्हणजे एका दमात केलेल्या रेकॉर्डिंगमधला, आठ-दहा सेकंदांचा तुकडा कापला, संगणकावर एकापुढं एक चिकटवत नेला, आणि त्यावर तू डोळे मिटून वाजवलंस. चुकत असेन तर खुशाल शिव्या दे. बरोबर असेन तर शेडात त्यानं काय ऐकलं ते त्याच्या बाजूनं बघ. आवाज त्याचाच, हात त्याचाच, आणि वाजवलेलं मात्र त्यानं कधी वाजवलंच नाही. त्याचा तू रबरी शिक्का केलास आणि ठाप-ठाप मारत गेलास. "आजोबांचा बँड" हे त्या वेळी तोंडाला आलं ते बोलला. आजोबांचा इथं काही दोष नाही.

आता गद्दारी.

पंकमध्ये सोवळं पाळायचं म्हटलं तर सगळ्यात सोवळा बँड कुठला? सेक्स पिस्टल्स म्हणशील. त्यांचा गायक जॉनी रॉटन पिंक फ्लॉइडच्या टी-शर्टवर "आय हेट" लिहून लंडनभर फिरायचा, हे तुझ्या ड्रमरला माहीत असणारच. आता त्याला हे सांग. १९७७ च्या ऑक्टोबरात पिस्टल्सचा जो एकुलता एक स्टुडिओ अल्बम आला, त्याचा एक निर्माता क्रिस थॉमस. या थॉमसनं चार वर्षांपूर्वी पिंक फ्लॉइडच्या 'डार्क साइड ऑफ द मून' या अल्बमच्या मिक्सवर, म्हणजे सगळे आवाज एकत्र बसवण्यावर, काम केलं होतं. पिस्टल्सच्या त्या अल्बमवर स्टीव्ह जोन्सची गिटार भिंतीसारखी अंगावर येते ना? ती एका टेकमध्ये रागारागानं वाजवलेली गिटार नव्हे. थरावर थर चढवून, माप घेऊन रचलेली आहे. बरंचसं काम झालं ते लंडनच्या वेसेक्स स्टुडिओत, आणि त्याच वेसेक्समध्ये १९६९ साली किंग क्रिमसननं पहिला अल्बम केला होता. म्हणजे ज्या लांबलचक, पोथीसारख्या रॉकवर पंकवाले दात-ओठ खात होते, त्याच्याच ओसरीवर बसून त्यांनी जेवण केलं.

पण खरी गोष्ट लंडनच्याच दुसऱ्या पंक बँडची, द क्लॅशची आहे, आणि ती जरा सावकाश सांगतो, कारण ती तुमचीच आहे.

१९७७ च्या मार्चमध्ये त्यांची पहिली तबकडी आली. तिच्या मागल्या बाजूच्या गाण्याचं नावच '१९७७'. त्यात त्यांनी जाहीर करून टाकलं की या साली एल्विस नाही, बीटल्स नाहीत, रोलिंग स्टोन्स नाहीत. सगळे देव गाभाऱ्याबाहेर. आणि १९७९ च्या डिसेंबरात 'लंडन कॉलिंग' आला, त्याच्या कव्हरवर काय? एल्विसच्या १९५६ च्या पहिल्या अल्बमची गुलाबी-हिरवी अक्षरं, त्याच जागी, तशीच. फक्त एल्विस गिटार घेऊन गातोय तिथं क्लॅशचा पॉल सिमोनन बेस गिटार स्टेजवर आपटून फोडतोय. नमस्कारही आहे आणि हातात कुऱ्हाडही आहे. पावणेतीन वर्षांत हा पल्ला. दोन तबकड्या, एकोणीस गाणी, किंमत एका तबकडीची. रॉकाबिली आहे, रेगे आहे, पियानो आहे, ट्रम्पेट-सॅक्सोफोन आहेत. एक गाणं तर इतकं शेवटी घुसलं की कव्हरवरच्या यादीत त्याचं नावच नाही.

हे त्यांनी कसं केलं ते तुझ्या कामाचं आहे. त्या वर्षी उन्हाळ्यात ते लंडनच्या पिमलिको भागात एका गॅरेजच्या मागल्या खोलीत कोंडून घेऊन बसले. तुझ्या मामाची शेड समज. आधी फुटबॉल खेळायचे, मग आत जाऊन दुसऱ्यांची जुनी गाणी वाजवत बसायचे. सगळे मिळून. त्यातलं १९५९ सालचं व्हिन्स टेलरचं एक रॉक-अँड-रोल गाणं तर हात गरम करायला म्हणून वाजवलं आणि तेच अल्बमवर गेलं. ड्रमर म्हणाला, पुन्हा घेऊया, लय वाढतेय. निर्माता होता गाय स्टीव्हन्स, म्हणजे गिटारिस्ट मिक जोन्स ज्या मॉट द हूपलचा पोरवयापासून भक्त, त्या बँडला नाव देणारा आणि त्यांचे रेकॉर्ड करणारा माणूस. स्टुडिओत खुर्च्या फेकायचा, शिडी फिरवायचा. त्यानं सांगितलं, रॉक-अँड-रोल म्हटलं की लय वाढणारच, टेक पक्का.

आता या सगळ्यात मी कुणावर बोट ठेवणार ते ओळख. ड्रमरवर. टॉपर हेडन. जॅझ, सोल, रेगे, काहीही वाजवू शकणारा. तो त्या स्टुलावर नसता, तर बाकीच्या तिघांची कितीही इच्छा असती तरी 'लंडन कॉलिंग' झाला नसता. तीच जुनी खडखड वाजत राहिली असती. पंक बँड जुन्या रॉककडं वळतो तेव्हा सगळ्यांचं लक्ष गिटारकडं जातं. वळण घेतो तो ड्रमर. आणि तू नेमका त्यालाच घाटाखाली नेला नाहीस.

बिघडलेलीही उदाहरणं आहेत. द डॅम्ड या पंक बँडनं १९७७ च्या शेवटी दुसरा अल्बम केला. त्यांना निर्माता म्हणून फ्लॉइडचा जुना गायक सिड बॅरेट पाहिजे होता, मिळाला पिंक फ्लॉइडचा ड्रमर निक मेसन, आणि काम झालं फ्लॉइडच्याच स्टुडिओत. मोठ्या घरची माणसं, मोठ्या घरची यंत्रं. अल्बम आपटला, आणि थोड्याच महिन्यांत बँड फुटला. पण गंमत पुढं आहे. तीच पोरं गिटारिस्टाविना पुन्हा जमली, स्वतःच्या हिमतीवर वाजवू लागली, आणि १९८० च्या अल्बममध्ये त्यांनी एक गाणं टाकलं ते सतरा मिनिटांचं. सतरा! तुझं साडेसात म्हणजे चहाला आधण ठेवल्यासारखं. ते चाललं, कारण त्या वेळी त्यांना ते आतनं पाहिजे होतं.

आणि अमेरिकेतले पंकवाले रामोन्स. १९८० चा त्यांचा अल्बम फिल स्पेक्टरनं केला. साठच्या दशकातल्या मुलींच्या गाण्यांचा तो जुना कारागीर, हेकट आणि भयंकर माणूस. गिटारवाल्या जॉनी रामोनकडून त्यानं एका गाण्याची सुरुवातीची एकच कॉर्ड तासन्‌तास वाजवून घेतली. दुसरं एक गाणं होतं रोनेट्सचं, व्हायोलिनं लावून केलेलं. त्यात जोई गातो, पण बाकीचे रामोन वाजवतच नाहीत, भाड्याचे वादक आहेत. इंग्लंडात ते गाणं जोरात चाललं. जॉनीला मात्र ते कधी आवडलं नाही. खपलं ना, मग झालं, असं म्हणणारा एखादा तुला भेटेल. त्याला विचार, स्वतःच्या बँडच्या गाजलेल्या गाण्यात आपण नाही, हे सांगताना कसं वाटत असेल?

आता आपल्या मातीतलं एक.

सुळेभावी आपल्यापासून किती लांब? तिथं १९२४ साली कोमकली घराण्यात एक मूल जन्मलं, घरची भाषा कानडी. लहानपणी त्या मुलाला रेकॉर्ड ऐकवली की मोठमोठ्या गवयांचं गाणं ते जसंच्या तसं गाऊन दाखवायचं. लोक तोंडात बोटं घालायचे. पदवी मिळाली 'कुमार गंधर्व'. मग देवधर मास्तरांकडं मुंबईला गेला, मग क्षय झाला, देवासला अंथरुणाला खिळला, माळव्यातल्या बायकांची गाणी खिडकीतनं ऐकली आणि उठला तो वेगळाच गवई होऊन. घराण्याची सोवळी ओवळी त्यानं कधी मानली नाहीत. जुन्या लोकांनी त्याला काय काय म्हटलं ते आता सोड. तर हाच बंडखोर माणूस पुढं वळला कुठं? बालगंधर्वांकडं. ज्यांच्या नाट्यपदांवर अख्ख्या महाराष्ट्राच्या आज्या-पणज्या डोलल्या, त्यांच्याकडं. आणि त्या कार्यक्रमाला नाव काय दिलं, तर 'मला उमजलेले बालगंधर्व'.

पहिल्या शब्दाकडं बघ. लहानपणी हुबेहूब नक्कल करू शकणारा माणूस, मनात आणलं असतं तर बालगंधर्व जसेच्या तसे उभे केले असते. तसं केलं नाही. मला काय उमजलं तेवढंच गाईन, म्हणाला.

तुझ्या अडीच मिनिटांत तुला उमजलेलं किती आहे आणि कॅसेटीतलं किती, हे तुझं तुला ठाऊक. मी ऐकलेलं नाही. पण "हातातून वेगळंच येऊ लागलं" असं कुणी म्हटलं की मी सावध होतो, कारण माझ्या हातातूनही यायचं. ऐंशीच्या दशकात मी ऑर्केस्ट्रात गिटार वाजवायचो. कॅम्पातल्या एका ख्रिस्ती मास्तरांनी शिकवलेली. गणपतीत अकरा दिवस उसंत नसायची. 'हुबेहूब' हा आमच्या धंद्यातला सर्वोच्च पुरस्कार. रेकॉर्डवर वाजलंय त्याच्यापुढं एक सूर इकडं-तिकडं झाला तर मंडळाचा अध्यक्ष पैसे देताना तोंड वाकडं करायचा. एका रात्री मला लहर आली आणि मधला तुकडा मी लांबवला. टाळ्या पडल्या, आणखी लांबवला. गायक माइकपाशी उभा. थोड्या वेळानं तो स्टेजच्या कडेला पाय सोडून बसला आणि त्यानं खालच्या पोराला खुणेनं चहा मागवला. प्रेक्षक हसायला लागले तेव्हा मला कळलं की टाळ्या केव्हाच थांबल्यात. तो चहा मी आजवर विसरलेलो नाही. सोलो कितीही चांगला असू दे, त्या वेळात बाकीचे तिघं काय करतायत हे ज्याला दिसत नाही, त्यानं लांब सोलो घेऊ नये.

म्हणून गाण्याबद्दल माझं मत स्पष्ट सांगतो. लांब गाणं ठेव. सोलो ठेव, पण सोळा आवर्तनांवर आण, आणि चौघांनी एकत्र, एकाच खोलीत, एका टेकमध्ये वाजवा. लय कुठं अर्धी करायची, कुठं पुन्हा दुप्पट उचलायची, ते ड्रमर ठरवील. त्यानं सोलोच्या मध्येच ठेका तोडला तर तू थांब. त्याची आरोळी त्या जागी आली तर फारच उत्तम. अडीच मिनिटं गिटार ऐकून कंटाळलेल्या माणसाला कानडी आरोळीनं खाडकन जाग येईल.

ऑर्गनचं मात्र मला पटलं नाही. गोव्यातल्या संगणकातला ऑर्गन कशाला? डीप पर्पलचा जॉन लॉर्ड हॅमंड ऑर्गन गिटारच्या मार्शल अँपमधून, म्हणजे आवाज वाढवणाऱ्या डब्यातून, काढायचा, म्हणून तो असा गुरगुरतो. मुद्दा अँपचा आहे. तुझ्या गल्लीत भजनी मंडळ असेलच, पेटी मागून आण. लाकडाला चिकटवायचा पिझो पिकअप मिळतो, तो लाव आणि गिटारच्या अँपमध्ये घाल. साधा माइक लावू नकोस, अँपचा आवाज त्यात शिरून शिट्टी मारत बसेल. भाता हळू मारायला सांग, नाहीतर सुरांपेक्षा फुसफुसच जास्त येईल. पेटीचा मधला सूर अँपमध्ये फाटला की जे काही येतं, ते ना डीप पर्पल, ना भजन. लोक त्याला क्लासिक रॉक म्हणोत की आणखी काही. आणि भजनी मंडळाला आधी विचारून घे. न सांगता काही करायची तुला सवय आहे, म्हणून लिहिलं.

क्रमाचंही बघ. नऊ गाण्यांत हे गाणं कुठं? शेवटी असू दे. आधीची बहुतेक दोन-दोन मिनिटांत उरकली असतील, तर नवव्याला माणूस टेकून बसतो. उलट पहिल्यालाच लांब गाणं आलं, तर आपण पोक्त झालो हे सांगायची घाई दिसते.

राहिले पप्पा. यावर फार लिहिणार नाही. चार वर्षं ज्या माणसानं शेडात पाऊल टाकलं नाही, त्याला अडीच मिनिटांत स्वतःचं तारुण्य ऐकू आलं आणि तो खूश झाला. त्यात वाईट काही नाही. पण त्या शाबासकीत बाकी तिघांचं नाव नव्हतं, आणि तुला आनंद झाला नाही तो बहुतेक त्यामुळं. ती शाबासकी ड्रमरसमोर पुरावा म्हणून मांडू नकोस. त्याला त्यात फक्त "आजोबा" दिसतील, आणि यावेळी त्याचं बरोबर असेल. पप्पांना एकदा शेडात घेऊन ये. दोन मिनिटांची गाणी आधी ऐकव, सगळी, न थांबता. त्यांच्या डीप पर्पलनंही त्यांच्या वडिलांच्या कानाचे पडदे फाडलेच असतील, आठवण करून दे.

"कसं पटवू" हा प्रश्न सोडून दे. वर लिहिलेलं क्लॅश, पिस्टल्स, कुमार गंधर्व यातलं एक अक्षर पहिल्या भेटीत काढू नकोस. तसं केलंस तर तो म्हणेल, हा माफी मागायला आला की व्याख्यान द्यायला? फोन उचलत नाही म्हणतोस, तर घरी जा. बाकी दोघांना घेऊन जाऊ नकोस, बेसवाल्याला तर मुळीच नको. त्याची आई चहा विचारील, नको म्हणू नकोस. "मी तुझे ड्रम कापून चिकटवले, तुला न विचारता" एवढं एकच वाक्य बोल. त्याच्या भाषेत बोलता आलं तर बघ. चार वर्षं त्याच्या आरोळ्या वापरतोयस, एक वाक्य तुला जड जाऊ नये. पुढं तो काय म्हणेल ते मला माहीत नाही. शिव्या घातल्या तर ऐकून घे.

गोव्याचं ते मिक्स फोनमध्ये असेल. जायच्या आधी पुसून टाक म्हणणार होतो. नको. फोन त्याच्या हातात दे, ते काढून दाखव, आणि पुसायचं की ठेवायचं ते त्याला ठरवू दे.

तुझा काका